अकरा मोजेपर्यंतची शांतता

रीटकाकूंचं नाव आधी घेतो, बाकीचं मग. नेदरलँड्समधल्या हार्लेममध्ये आमच्यापासून तिसऱ्या दारात राहणाऱ्या, अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या रीटकाकू. त्यांना माणसाचा चेहरा सोडून त्याच्या भोवतीचं सगळं दिसायचं. दोन्ही डोळ्यांत मधोमध डाग पसरत गेलेला, कडेकडेनं तेवढा उजेड राहिलेला. "तुझे कान दिसतात मला," त्या म्हणायच्या, "मधला अमोल कुठे गेला कोण जाणे." त्या नसत्या तर मधला अमोल मलाही सापडला नसता.

आज हे सगळं वर आलं ते जून लागला म्हणून. जूनमध्ये इथल्या घरांवर झेंडे लागतात आणि झेंड्याच्या काठीला शाळेचं दप्तर टांगतात. घरातलं पोर शाळेची शेवटची परीक्षा पास झालं, हे गल्लीला सांगायची ही पद्धत. काल कामावरून सायकलनं येताना तीन दप्तरं दिसली. एकाची चेन उघडी होती, आतून एक कागद निघून वाऱ्यावर कालव्यात गेला. लिंडनच्या झाडांना फुलं आलेली, त्यांचा तो मधासारखा जड वास, डोक्यावर किंचाळत फिरणारे पाकोळ्यांचे थवे. सगळं छान. आणि मी सायकलवरून उतरून ती हातानं ढकलत घरी आलो. या महिन्यात कुठलीही परीक्षा नाही, तरी उतरलो. दहावीचा निकाल जूनमधलाच; जून म्हटला की माझं शरीर आपणहून घाबरून घेतं.

माझी शाळा दहावीतच संपली. गणित आणि इंग्रजी राहिले. ऑक्टोबरला पुन्हा फॉर्म भरला. गणिताच्या दिवशी तासगावच्या केंद्राच्या फाटकापर्यंत गेलो, पट्टी-पेन्सिल हातात, आणि फाटकातूनच परतलो. तीन तास तळ्याकाठी बसलो. घरी येऊन सांगितलं, "पेपर बरा गेला." निकाल लागल्यावर सगळे म्हणाले, जाऊ दे, नशीब. मीही म्हणालो, नशीब. मग चुलत्यांच्या साऊंड सर्व्हिसवर लागलो. लग्नं, गणपती, कॉलेजची गॅदरिंगं. अशाच एका गॅदरिंगला मंजिरी सूत्रसंचालन करत होती. तिनं स्टेजवरून सगळ्यांदेखत सांगितलं, "माईकवाले, जरा आवाजाकडे बघा, मी काही पाताळातून बोलत नाहीये." तिथून सुरू झालं ते पुढं तिच्या इंजिनिअरिंगनंतर, तिच्या नोकरीनंतर, तिनं घरी स्पष्ट सांगेपर्यंत आलं.

तिचे वडील, अप्पा, सांगलीला मुख्याध्यापक होते. हयातभर मुलांना दहावी पार करवलेल्या माणसाला दहावी नापास जावई. ते ओरडले नाहीत, लग्नालाही आले. फक्त त्यानंतर माझ्याशी बोलले नाहीत. मंजिरीला अ‍ॅमस्टरडॅमच्या झुइडासला, बँका नि कंपन्यांच्या भागात, नोकरी लागली, मी तिच्या व्हिसावर आलो. दर रविवारी फोन यायचा. अप्पा पडद्यावरून तिला विचारायचे, "तिकडं सगळे बरे ना?" त्या "सगळे"मध्ये मी असायचो. मी बाजूला बसून मान डोलवायचो. मंजिरीनं त्यांना सांगून ठेवलं होतं, "अमोल कोर्स करतोय." कसला ते अप्पांनी विचारलं नाही, आम्ही सांगितलं नाही.

इथल्या मराठी मंडळातही तेच. गणपतीत एका गृहस्थांनी विचारलं, "तुम्ही कुठं असता? झुइडासलाच?"

"नाही, मी घरीच असतो."

"वा! वर्क फ्रॉम होम!" ते म्हणाले आणि मोदक घेऊन पुढं सरकले. मी त्यांना अडवलं नाही. अडवायला हवं होतं. पण कोणी आपल्याबद्दल आपणहून चांगलं समजून घेतलं की ते मोडवत नाही, ही आपली जुनी खोड.

खरा कोर्स करायचा होता, वायरिंगचा, इलेक्ट्रिशियनचा. पण त्याच्या दाराशी डच भाषेची सरकारी परीक्षा उभी होती: ऐकणं, वाचणं, बोलणं, लिहिणं. चारी भाग सुटल्याशिवाय आत घेणार नाहीत. मंजिरीनं फॉर्म भरून टाकला. जूनची तारीख आली. ती सगळ्यांना सांगायची, अमोल परीक्षेला बसतोय. मला एकट्याला माहीत होतं की मी फाटकापर्यंत जाणारा माणूस आहे. पुढचं काही खरं नाही.

वस्तीच्या समाजकेंद्रात दर महिन्याच्या पहिल्या गुरुवारी दुपारी जुना सिनेमा दाखवत. डच कानावर पडेल म्हणून फेब्रुवारीत मी तिथं जाऊन मागं बसलो. स्पीकरमधून घूंऽऽ असा आवाज येत होता आणि पंधरा-वीस म्हातारी माणसं तो देवाची करणी असल्यासारखा सहन करत होती. माझ्याच्यानं राहवलं नाही. उठलो, मागच्या बाजूनं वायर बघितली, प्लग एकाच पट्टीवर आणले. घूं थांबला. पहिल्या रांगेतून एक खणखणीत आवाज आला, "त्या मधमाशीला कोणी मारलं?"

त्या रीटकाकू. त्यांनी मला शेजारी बसवून घेतलं आणि म्हणाल्या, खालची वाक्यं वाच. डच लोक परदेशी सिनेमाचे आवाज बदलत नाहीत, खाली भाषांतराच्या ओळी देतात. काकूंना त्या आता दिसत नव्हत्या. मी घाबरून म्हणालो, माझं डच कच्चं आहे, इथं कोणालाही सांगा. "हे सगळे निवृत्त मास्तर आहेत," त्या कुजबुजल्या, पण सगळ्यांना ऐकू जाईल अशा. "वाचता वाचता मला शिकवतात. तुला माझ्यापेक्षा जास्त काही माहीत नाही. बस."

त्यांना हाक मारायची पंचाईत मात्र महिनाभर चालली. त्या म्हणायच्या, मला रीट म्हण. आईपेक्षा मोठ्या बाईला नुसतं नावानं? जीभ वळेना. मग मी काहीच म्हणायचो नाही. दारात जाऊन खाकरायचो. एकदा त्यांनी आतून ओरडून सांगितलं, "दारात जो कोणी खोकतोय त्यानं डॉक्टरकडे जावं, नाहीतर माझं नाव घ्यावं. मला दिसत नाही, बाबा!" तेव्हा तोंडातून निघालं, "रीटकाकू, मी अमोल."

"काकू म्हणजे?"

"वडिलांच्या भावाची बायको."

"अस्सं. माझ्या पीटनं तासगावात एक भाऊ असल्याचं मला कधी सांगितलं नाही." आणि दार उघडलं.

एप्रिलच्या गुरुवारी जो सिनेमा होता तो जपानी. जपानमध्ये सिनेमा नुकता बोलायला लागला त्या काळातला, काळापांढरा. मी आवाजातला माणूस, पहिल्यांदा ऐकून हसूच आलं. तव्यावर काहीतरी सतत चरचरतंय आणि माणसं शेजारच्या खोलीतून बोलतायत असा आवाज. पण पाच-दहा मिनिटांनी हसू गेलं. नवा माईक हातात आलेल्या त्या लोकांनी तो सारखा बोलायला वापरला नव्हता. लाकडी चपलांची टकटक, लांबून येणारी फेरीवाल्याची हाक, दार सरकल्याचा आवाज, आणि मध्येच कितीतरी वेळ काहीच नाही. आमच्याकडे माईक हातात आला की माणूस तो काढून घेईपर्यंत सोडत नाही. हे लोक माईक चालू ठेवून गप्प बसत होते.

गोष्ट साधी. एका चपलांच्या दुकानदाराच्या दोन मुली. थोरली बाळंतपणानंतर मुलगा मागे ठेवून वारते. धाकटीचं एका तरुण शिक्षकावर मन असतं, दोघांचं जवळजवळ ठरलेलं असतं. पण घरातले एकेक करून येऊन तिच्याजवळ बसतात आणि भलतंच काहीतरी बोलतात. हवा, भाव, लेकराचा खोकला. कोणी तिला म्हणत नाही की मेहुण्याशी लग्न कर. आणि तरी तिला ते ऐकू येतं.

मला हे कळायला खालची ओळ लागलीच नाही. असं एक घर आमच्या गल्लीत होतं. काकू मात्र चिडल्या. "नाही म्हणायला किती वेळ लागतो? एक शब्द!"

"आमच्याकडे नाही म्हणायचं असलं की 'बघू' म्हणतात," मी सांगितलं.

"आणि हो म्हणायचं असलं की?"

"तेव्हाही 'बघू'."

त्या इतक्या हसल्या की मागून कोणीतरी शू केलं. मग त्यांनी हळूच विचारलं, "तुझी परीक्षा जूनमध्ये आहे ना? देणार आहेस?"

"बघू," मी म्हणालो, आणि पुढची ओळ वाचायला घेतली.

त्या दिवशी शेवट बघता आला नाही. समाजकेंद्रातली डिस्क शेवटच्या वीस मिनिटांना अडकली. सगळे कोट घालून निघून गेले, रीटकाकू बसून राहिल्या. चाळीस वर्षांपूर्वी पीटबरोबर अ‍ॅमस्टरडॅमला हाच सिनेमा त्यांनी पाहिला होता आणि पीटला दुसऱ्या दिवशी पहाटे कामावर जायचं म्हणून शेवटच्या वीस मिनिटांआधीच ते उठले होते. गाडीत वाद झाला. पीट म्हणाला, ती मुलगी त्या मास्तरबरोबर जाते, बघ. काकू म्हणाल्या, नाही जात. तो वाद संसारभर पुरला. पीट जाऊन सहा वर्षं झाली होती. "आता निदान दोघांतल्या एकाला तरी कळू दे," त्या म्हणाल्या.

मंजिरीनं ऑनलाइन शोधून दुसरी डिस्क मागवली. मे महिन्यात दर मंगळवारी साडेदहाला, कॉफीच्या वेळी, मी त्यांच्याकडे जाऊ लागलो. सुरुवातीपासून, थांबत थांबत. मी ओळ वाचायचो, त्या उच्चार सुधारायच्या. ओळ नसेल तिथं विचारायच्या, "आता काय?" आणि तिथंच माझी खरी परीक्षा. वाचायला काही नाही, दिसतंय ते सांगायचं. "ती चालते. ती बसते. ती... चेहरा." "चेहरा काय?" शब्द नसायचे. काकू एकेक पुरवायच्या, मी वहीत देवनागरीत लिहून घ्यायचो. त्यांनीच सांगितलं की मुक्या सिनेमाच्या काळात जपानमध्ये पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट सांगणारे लोक असत. सिनेमा बोलायला लागला आणि त्यांचं काम गेलं. "तुला ती नोकरी ऐंशी वर्षं उशिरा मिळाली आहे," त्या म्हणाल्या.

त्याच दिवसांत मी हार्लेमच्या दक्षिणेला फुलांच्या शेतांकडे सायकल न्यायचो. हायसिंथ सरून गेलेले, ट्यूलिपही शेवटाला. शेताच्या कडेला खुडलेल्या फुलांचे ढीग, ताजे, लालभडक. पहिल्या वर्षी ते बघून जीव कळवळला होता. मग कळलं, इथं पीक फुलाचं नसतं, जमिनीतल्या कांद्याचं, म्हणजे कंदाचं असतं. तो पोसावा म्हणून वरचं फूल खुडतात. सिनेमातल्या त्या मुलीच्या घरच्यांचा मला राग येत नव्हता तो कदाचित यामुळे. ते दुष्ट नव्हते. त्यांना कांदा दिसत होता. पण फुलाच्या बाजूनं कोणी काही विचारत नव्हतं, आणि माझ्या मंजिरीनं सांगलीच्या त्या घरात, बापाच्या समोर उभं राहून, फुलाच्या बाजूनं सांगितलं होतं. कोणासाठी? फाटकातून परतलेल्या माणसासाठी. सायकल चालवताना हा विचार आला की मी पायडल मारायचं विसरायचो.

शेवटच्या वीस मिनिटांवर आम्ही मेच्या अखेरीस पोचलो. शेवट असा आहे: मास्तर दूरच्या गावी निघालाय. ती स्टेशनवर जात नाही. दुकानात खाली बसून बहिणीच्या लेकराच्या चपलेचा बंद बांधतेय. लांबून गाडीची शिट्टी येते. तिचा हात थांबतो. गाडीची धडधड जवळ येते, लांब जाते, विरते. हात तसाच. मग ती गाठ मारते, मान वर करते, लेकराकडे बघून हसते. संपला सिनेमा. एकही ओळ नाही.

काकूंनी विचारलं, "काय झालं?"

मी त्यांच्याकडे बघितलं. मांडीवर दोन्ही हात, डोकं थोडं तिरपं, डोळ्यांच्या कडेनं पडद्याचा उजेड पकडायला बघणारं. आपल्याकडे म्हाताऱ्या माणसाला वाईट बातमी सरळ देत नाहीत. आजी गेली तरी आजोबांना दोन दिवस 'दवाखान्यात आहे' म्हणतात. मी तेच केलं. "ती खूश आहे," मी म्हणालो. "हसतेय. सगळं चांगलं झालं."

"तो कुठे आहे?"

"तो... येईल परत. असं वाटतं."

काकूंनी कप खाली ठेवला. "शिट्टीनंतर कोणीही बोललं नाही. गाडी गेल्यावर मी मोजत होते. अकरा मोजेपर्यंत काहीच नव्हतं. त्या अकरात तिनं काय केलं?"

मी रिमोट उचलला, परत ठेवला.

"अमोल, मला दिसेनासं झालंय. मी बिनडोक झालेली नाही. तू जे खोटं सांगतोस ते माझ्या कामाचं नाही, तुझ्याच कामाचं आहे. तुला सांगायला जड जातं म्हणून तू मला गोड देतोस. परत लाव."

कान तापले. कोणी इतकं तोंडावर बोललं नव्हतं, मंजिरीही नाही. परत लावलं. आणि मग एकेक सांगितलं. बंद. बोटं. शिट्टी. हात थांबला. तो थांबला त्याला शब्द नव्हता माझ्याकडे. मी माझाच हात पुढं केला, अर्धा आणला, तसाच ठेवला आणि काकूंचा हात त्यावर नेऊन ठेवला. त्या म्हणाल्या, "आर्झेलन." करू की नको, जाऊ की नको. आपलं घुटमळणं.

"ती अकरा मोजेपर्यंत घुटमळली," मी म्हणालो. "मग गाठ मारली. मग हसली. पण हसू मागून आलं. आधी डोळे खाली होते."

त्यांनी माझ्या हातावरचा हात काढून घेतला. बाहेर कोणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं. "म्हणजे मी जिंकले," त्या शेवटी म्हणाल्या. "आणि सांगायला तो बैल घरात नाही." मग नाक पुसून, "आता तू सांग. तू कुठल्या स्टेशनवर गेला नाहीस?"

मी फाटकाचं सांगितलं. तळ्याकाठच्या तीन तासांचं. 'पेपर बरा गेला'चं. ही गोष्ट मी मंजिरीलाही सांगितली नव्हती, आणि पहिल्यांदा सांगितली ती डचमध्ये, क्रियापदं चुकवत. त्या भाषेत माझी लाज अजून रुजली नव्हती म्हणून असेल. घरी जाऊन मंजिरीला मराठीत सांगितली, तेव्हा तीनदा पहिल्यापासून सुरू करावी लागली. ती म्हणाली, "एवढंच?" आणि मग, "वेड्या, तेव्हा पंधरा-सोळाचा होतास तू."

परीक्षेच्या सकाळी काकूंनी एकच सांगितलं होतं: "दारापाशी पोचलास आणि पाय हलेना, तर जे दिसतं ते मला सांगतोयस असं समज." आणि पाय हललेच नाहीत. इमारतीसमोर सायकल धरून उभा. मी सांगायला लागलो, ओठांतल्या ओठांत, डचमध्ये. काचेचं दार आहे. डोक्याला निळा रुमाल बांधलेली बाई कागद तपासतेय. एक माणूस केळं खातोय, साल खिशात ठेवतोय. एक माणूस सायकल धरून उभा आहे. त्याचा हात सीटवर आहे. हात घुटमळतोय. हातानं सीट सोडली. माणूस चालायला लागला. काकू, तो आत गेला.

आत वीस माणसं कानाला हेडफोन लावून एकाच वेळी आपापल्या माईकमध्ये बोलत होती, वीस देशांच्या उच्चारांत, कल्लोळ नुसता. पडद्यावर चित्रं आली, खाली ओळ नाही: काय घडतंय ते सांगा. मला हसू आलं. हे तर मी मंगळवारी करतोच.

निकाल यायला पाच-सहा आठवडे गेले. ऐकणं, वाचणं, बोलणं सुटलं. लिहिणं राहिलं. मंजिरी म्हणाली, "तीन सुटले, सांगूया अप्पांना." मी म्हणालो, मी सांगतो. त्या रविवारी अप्पांनी नेहमीसारखं विचारलं, "तिकडं सगळे बरे ना?" आणि मी तिच्या हातातून फोन घेतला.

"अप्पा, मी अमोल. मी परीक्षेला बसलो होतो, डचच्या. चारातला एक भाग राहिला. त्या कोर्सला अजून प्रवेशच नाही मिळालेला, आम्ही तुम्हाला तसंच भासवलं. आणि दहावीला ऑक्टोबरचा गणिताचा पेपर मी दिलाच नव्हता. फाटकातून परत आलो होतो."

पलीकडे शांतता. किती वेळ, मोजायचं राहून गेलं. चष्मा काढून पुसल्यासारखं काहीतरी दिसलं.

"कुठला भाग राहिला?"

"लेखन."

"अक्षर वाईट असेल."

"परीक्षा कॉम्प्युटरवर असते, अप्पा."

"मग तुम्हाला ती सबबही नाही." थोडं थांबून, "पुन्हा बसा. आणि निकाल लागला की मंजिरीकडून नको. तुम्ही कळवा."

तीन वर्षांत पहिल्यांदा मी "सगळे"मधून वेगळा निघालो होतो. मंजिरी स्वयंपाकघरात जाऊन उगाच भांडी विसळत राहिली. शरदात पुन्हा बसलो, लेखन सुटलं, कळवलं. अप्पांचं उत्तर आलं, "ठीक." त्यांच्याकडून हे पुष्कळ, असं मंजिरी म्हणते.

आता मी घराघरांतून वायरिंगचं काम करतो, संध्याकाळी कोर्सला जातो, यंदा तो संपेल. मंडळात कोणी विचारलं तर सांगतो, वायरमन आहे. एकदोघांच्या चेहऱ्यावर क्षणभर काहीतरी हलतं, मग ते म्हणतात, आमच्या बाल्कनीतला दिवा बघाल का. बघतो. रीटकाकू मागल्या वर्षी न्यूनेनला लेकीकडे राहायला गेल्या. आता त्यांना माझे कानही दिसत नाहीत, फक्त खिडकी कुठल्या बाजूला आहे ते कळतं. मी महिन्या-दोन महिन्यांनी जातो. परवा म्हणाल्या की तिथंही सिनेमाची दुपार असते, पण त्या जात नाहीत. त्यांच्यासारख्या नजर गेलेल्या आणखी सहाजणी जात नाहीत. परक्या भाषेच्या सिनेमात अंधारात बसून खरखर ऐकायची, म्हणाल्या, त्यापेक्षा घरी रेडिओ बरा.

मी तेव्हा काही बोललो नाही. म्हणजे "बघू" असंही बोललो नाही. परतीच्या गाडीत कागदावर आकृती काढत बसलो. सात हेडफोन, एक माईक, मधली वायर कुठून न्यायची, पडद्याशेजारी एका माणसाला बसायला खुर्ची कुठं ठेवायची. पुष्कळ गोष्टी अजून येत नाहीत मला. नजर गेलेल्या सात बायकांना पुरेल इतकं डचही अजून नाही. पण हे मी करणार आहे. एक ना एक दिवस न्यूनेनच्या त्या सभागृहात पहिल्या रांगेत तुम्हाला बसवीन आणि जे दिसेल ते सगळं सांगीन, गोड न करता, हात थांबला तर हात थांबला म्हणून. रीटकाकू, तोवर कान सांभाळा.